चंपाकळी, शेवंती आणि लतिका

मिरजेत १९०५ साली एका गवयाच्या घरी मुलगी जन्मली. तिचं नाव चंपाकळी ठेवलं. वडील उस्ताद अब्दुल करीम खाँ, किराणा घराण्याचे थोर गायक. आई ताराबाई, बडोद्याच्या माने सरदार घराण्यातली. दोघं बडोदा सोडून मुंबईमार्गे मिरजेत आली होती. चंपाकळीच्या आधी मुलगा झाला होता, त्याचं नाव अब्दुल रहमान. तिच्यामागून गुलाब नावाची बहीण आली, आणखी एक भाऊ आला, आणि १९१३ साली धाकटी सकीना.

पुढे ताराबाई पतीपासून वेगळ्या झाल्या आणि मुलांची नावं बदलली. अब्दुल रहमानचे सुरेशबाबू माने झाले, धाकटा भाऊ कृष्णराव झाला. सकीनाची सरस्वती झाली. याच सरस्वतीबाई राणे. गुलाबची कमळा झाली. चंपाकळीची हिरा झाली, आणि हिराबाई बडोदेकर या नावाने तिने जे केलं ते मराठी संगीताच्या इतिहासात कायमचं राहिलं. खानदानी गाणं आणि कुलीन बाई या दोन गोष्टी एकत्र नांदत नाहीत असं समाज मानत होता, त्या काळात हिराबाई तिकीट लावलेल्या जाहीर मैफलीत गायल्या. १९७० साली त्यांना पद्मभूषण मिळालं. १९८९ साली त्या गेल्या. चंपाकळी हे नाव मात्र चरित्रांच्या पहिल्या परिच्छेदापुरतंच उरलं.

या भावंडांची जुनी नावं एकत्र वाचली की एक गोष्ट लगेच दिसते. अब्दुल रहमान आणि सकीना ही नावं ऐकल्याबरोबर धर्म कळतो. सुरेश, कृष्णा, सरस्वती यांचंही तसंच. चंपाकळी आणि गुलाब या दोन नावांवरून मात्र घराचा धर्म सांगता येत नाही. ताराबाईंच्या माहेरी ती जेवढी शोभली असती, तेवढीच खाँसाहेबांच्या घरातही शोभत होती. ख्वाजा शमना मीरासाहेबांच्या दर्ग्यात हिंदू आणि मुसलमान दोघेही डोकं टेकतात, त्या मिरजेत एका मिश्र घराला मुलींसाठी अशी नावं सापडावीत यात नवल नाही. चाफा देवीला वाहतात, दर्ग्यात फुलांची चादर चढते, आणि वेणीत गुलाब माळायला कुणाची परवानगी लागत नाही. शिवाय चंपाकळी हे गळ्यातल्या एका दागिन्याचं नाव आहे आणि एका रागाचंही. गाणाऱ्या घराला ते नाव दुहेरी गोड वाटलं असेल.

ही फुलाझाडांची नावं आपल्या घरांत आली कुठून? शास्त्रातून तर नक्कीच नाही. उलट शास्त्राने ती नाकारली आहेत. मनुस्मृतीच्या तिसऱ्या अध्यायात कोणत्या मुलीशी लग्न करू नये याची यादी आहे. नक्षत्राचं, झाडाचं किंवा नदीचं नाव असलेली मुलगी त्या यादीत येते. तिच्यामागोमाग डोंगर, पक्षी आणि साप यांची नावं असलेल्याही. आपस्तंबाच्या गृह्यसूत्रातही नक्षत्र, नदी आणि वृक्ष यांच्या नावांच्या मुली निंद्य ठरवल्या आहेत. म्हणजे रोहिणी, गंगा आणि तुळसा या तिघींना शास्त्राने एकाच ओळीत उभं केलं आणि सोयरिकीच्या दारातून परत पाठवलं.

महाराष्ट्राने हा नियम कधी मनावर घेतला नाही. तुकोबांच्या मुलींची नावं काशी, भागीरथी आणि गंगा. पुढे भारताच्या पहिल्या महिला डॉक्टरांपैकी एक झालेल्या आनंदीबाई जोशी माहेरच्या यमुना. आजच्या सांगली जिल्ह्यातल्या देवराष्ट्रे गावी १८६२ साली जन्मलेल्या रमाबाई रानडेही माहेरच्या यमुनाच. नद्यांचं जे झालं तेच झाडाफुलांचं. मालती, शेवंता, तुळसा, कुंदा, बकुळा, चंपा, कमळा, जाई, जुई, केतकी ही नावं ब्राह्मणांच्या वाड्यात होती, मराठ्यांच्या शेतवस्तीवर होती आणि गावकुसाबाहेरच्या घरांतही होती. यातल्या केतकीची गोष्ट तर पाहण्यासारखी आहे. आपण ज्योतिर्लिंगाचा माथा पाहिला असं ब्रह्मदेव खोटं बोलला आणि केतकीने त्याच्या बाजूने साक्ष दिली, म्हणून शंकराने तिला आपल्या पूजेतून बाद केलं अशी पुराणकथा आहे. केवड्याचं पान आजही शिवाच्या पिंडीवर वाहत नाहीत. तरीही ज्या घरात महाशिवरात्रीचा उपास कडक पाळतात, त्याच घरात लेकीचं नाव केतकी असतं. शापापेक्षा सुगंध मोठा, असाच निवाडा मराठी आयांनी दिलेला दिसतो.

हा निवाडा त्यांना देता आला, कारण बारशाच्या रीतीतच त्याला जागा होती. भटजी पंचांग पाहून जन्मनक्षत्राच्या चरणावरून एक अक्षर काढत. त्या अक्षराचं नावरस नाव पत्रिकेत लिहिलं जाई आणि बहुधा तिथेच राही. पाळण्यात ठेवायचं नाव वेगळं. बाराव्या दिवशी शेजारणी जमत, पाळण्याखालून ‘कुणी गोविंद घ्या, कुणी गोपाळ घ्या’ होई, घुगऱ्या वाटल्या जात आणि आत्या बाळाच्या कानात कुर्र करून नाव सांगे. या सगळ्या सोहळ्यात पुरुषांना फारसं काम नसे. मुलाचं नाव आजोबांचं, हे बहुतेक आधीच ठरलेलं असे. मुलीच्या नावाला तेवढी बंधनं नव्हती. शिवाय सासऱ्याचं किंवा सासूचं नाव सुनेने तोंडाने घ्यायचं नाही असा दंडक असल्याने आजी-आजोबांच्या नावाच्या मुलांनाही बाळ, नाना, ताई, छोटी अशा हाका पडत. फुलाचं नाव मात्र आईला मोकळ्या गळ्याने हाकारता येई.

झाडांशी नातं जोडण्याची आणखी एक रीत या भागात फार जुनी आहे. मराठा आणि इतर अनेक समाजांत लग्नाआधी देवक बसवतात. कुणाचं देवक कळंब, कुणाचं पाच झाडांच्या पानांचं पंचपल्लव, कुणाचं एखादी वेल. देवकाचं झाड त्या कुळाचं राखणदार असतं आणि ते तोडायचं नाही असा संकेत असतो. जुन्या सोयरिकींत दोन घरांचं देवक एक निघालं तर लग्न मोडे, कारण ती दोघं भावंडं ठरत. म्हणजे शास्त्र मुलीला झाडाचं नाव नको म्हणत होतं आणि ज्या मांडवात ती उभी राहायची, त्याच मांडवात झाडाची फांदी कुळदेवतेच्या मानाने पूजली जात होती. कार्तिकात अंगणातल्या तुळशीचं लग्न लागतं तेव्हा तर झाडच नवरी होतं. तिला हळद लागते, बांगड्या चढतात, ऊस आणि चिंचा-आवळे मांडून अंतरपाट धरला जातो.

वृंदेची तुळस झाली ही कथा मराठी घराला पाठ आहे. तशीच कथा ग्रीसमध्ये डाफ्नी या मुलीची सांगतात. अपोलो देव मागे लागला तेव्हा तिने वडिलांना, म्हणजे पेनेउस नदीच्या देवाला, हाक मारली आणि तिचं झाड झालं. त्या झाडाच्या पानांचा मुकुट पुढे विजेत्यांच्या माथ्यावर बसू लागला. डाफ्नी हे आजही ग्रीक मुलींचं नाव आहे. क्लोई म्हणजे कोवळा हिरवा अंकुर. धान्याची देवी डिमीटर हिचंही ते एक नाव होतं. फिलिस म्हणजे पालवी. इयान्थी हे नाव तर विरळच. त्याचा अर्थ जांभळं फूल, आणि हेसिऑडच्या काव्यात ते महासागराच्या एका मुलीचं नाव म्हणून येतं. तिथेही धर्मसत्तेची आणि घराची ओढाताण झाली. ऑर्थोडॉक्स चर्चच्या रीतीने प्रत्येकाने एखाद्या संताचं नाव घ्यावं आणि त्या संताच्या तिथीला आपला नामदिन साजरा करावा अशी अपेक्षा असे. मग फुलापानांची नावं असलेल्या मुलींनी कोणता दिवस धरायचा? लोकांनीच वाट काढली. येशूच्या स्वागताला लोक झाडांच्या फांद्या घेऊन आले होते, तो ईस्टरच्या आधीचा झावळ्यांचा रविवार अशा नावांनी आपला मानला.

ग्रीक माणसं महाराष्ट्राला अनोळखी नव्हती. कार्ल्याच्या चैत्यगृहातले अनेक खांब धेनुकाकट इथल्या यवनांनी, म्हणजे ग्रीकांनी, दान दिले आहेत आणि तसं खांबांवर कोरलेलं आहे. जुन्नरच्या लेण्यांत इरिल, चिट आणि चंद या यवनांचे लेख आहेत. नाशिकच्या सतराव्या लेण्यात धम्मदेवाचा मुलगा इंद्राग्निदत्त स्वतःला उत्तरेकडचा योनक, म्हणजे यवन, म्हणवतो. यवन म्हणवणाऱ्या या दात्यांपैकी बहुतेकांची नावं मात्र इथल्या मातीची आहेत. त्यांनी आपली नावं सोडली आणि इथली घेतली. ग्रीक नावं मराठीत आली ती फार उशिरा, आणि वेगळ्या वाटेने. १९व्या शतकात बायबल मराठीत उतरलं, तेव्हा नव्या करारातली रोडा आणि क्लोई त्याच्याबरोबर आल्या. रोडा म्हणजे गुलाब. तुरुंगातून सुटलेल्या पेत्राची दारावरची थाप ऐकणारी ही घरकाम करणारी मुलगी. मिरजेत डॉ. विल्यम वॉन्लेस यांनी १८९४ साली मिशन इस्पितळ उभं केलं आणि त्याच्याभोवती मराठी ख्रिस्ती वस्ती वाढली. अब्दुल करीम खाँ मिरजेत आले तेव्हा हे इस्पितळ चालू होतं. बायबलातल्या रोडाच्या आणि खाँसाहेबांच्या गुलाबच्या नावात एकच फूल होतं. एक ग्रीक वाटेने गावात आलं, दुसरं फारसी वाटेने.

नावांच्या मागे असलेली झाडंसुद्धा प्रवासी आहेत, आणि त्यांच्यावरून नावाचं वय ताडता येतं. सोनचाफा इथलाच. संस्कृत कवींनी त्याच्यावर शतकानुशतकं लिहिलं आणि भुंगा त्याच्याजवळ जात नाही असा संकेतही रूढ केला. जाई, जुई, कुंद, बकूळ, केवडा, अबोली याही इथल्याच. मालती तर भवभूतीच्या ‘मालतीमाधव’ नाटकाची नायिका. भवभूती मूळचा विदर्भातल्या पद्मपूरचा आणि नाटक आठव्या शतकातलं. गुलाब हा शब्द फारसी, आणि त्याच्या मागून गुलाबराव आणि गुलाबबाई आले. शेवंतीचं मूळ चीनकडे. निशिगंध तर मेक्सिकोतून आलेला. निशिगंधा हे नाव कितीही जुनं वाटलं तरी ते फूल इथे येण्याआधी ते कुणा मुलीला मिळणं शक्य नव्हतं. देवळाच्या अंगणात पाकळ्यांचा सडा घालणारा पांढरा देवचाफाही अमेरिका खंडातलाच. आज त्याच्याशिवाय कोकणातलं किंवा कृष्णाकाठचं देऊळ डोळ्यांपुढे येत नाही.

पुरुषांनाही फुलं वर्ज्य नव्हती. १६६० साली घोडखिंडीत बाजीप्रभूंबरोबर लढलेले त्यांचे भाऊ फुलाजी. अशोक हे झाड आणि मंदार हा वृक्ष आजही मुलग्यांच्या नावात आहेत. फरक एकच. फुलाजी मरेपर्यंत फुलाजी राहिले. शेवंता मात्र शेवंता राहत नसे.

लग्नानंतर सुनेचं नाव बदलण्याची रीत इथे निर्णायक ठरते. ताटात तांदूळ पसरायचे, नवऱ्याने सोन्याच्या अंगठीने त्यात नवं नाव लिहायचं, मग ते सगळ्यांना सांगायचं. त्या क्षणापासून जुनं नाव माहेरपुरतं. यमुनेच्या रमाबाई झाल्या त्या १८७३ साली, वयाच्या अकराव्या वर्षी. दुसऱ्या यमुनेच्या आनंदीबाई झाल्या त्याही कोवळ्या वयातच. नदीचं किंवा फुलाचं नाव पुसलं जाई आणि तिथे देवीचं किंवा गुणाचं नाव येई. जमिनीच्या कागदावर, मृत्यूच्या नोंदीत, नातवंडांच्या वंशावळीत हे दुसरंच नाव उरे. फुलांची नावं आपल्याला विरळ वाटतात त्याचं मोठं कारण हेच आहे. ती बारशाला भरपूर ठेवली गेली, आणि लिहिण्याची वेळ आली तेव्हा नव्हती.

याचा सगळ्यात बोलका दाखला मिरजेच्या शेजारी सांगलीत सापडतो. थाळनेरच्या एका गुजराती व्यापाऱ्याच्या दोन मुली होत्या, नर्मदा आणि शेवंती. एक नदी, एक फूल. मनूच्या यादीतल्या दोन वर्ज्य गोष्टी एकाच घरात. मास्टर दीनानाथ मंगेशकरांचं पहिलं लग्न नर्मदेशी झालं आणि तिचं नाव श्रीमती झालं. तिच्या मृत्यूनंतर त्यांनी शेवंतीशी लग्न केलं, आणि तिचंही नाव बदललं. पुढे साऱ्या महाराष्ट्राने तिला माई म्हणून ओळखलं. इथपर्यंत गोष्ट नेहमीचीच आहे.

पुढच्या पिढीत मात्र ती उलटते. दीनानाथांच्या बळवंत संगीत मंडळीच्या नाटकांत राम गणेश गडकऱ्यांचं ‘भावबंधन’ होतं. गडकऱ्यांनी आयुष्याच्या अखेरीस लिहिलेल्या या नाटकात दोन तरुणी आहेत, मालती आणि लतिका. एक फूल, दुसरी वेल. लतिकेची भूमिका दीनानाथ स्वतः करत. पहिल्या पत्नीपासून झालेल्या मुलीचं नाव त्यांनी लतिकाच ठेवलं होतं. ती तान्हेपणीच गेली. १९२९ साली शेवंतीला मुलगी झाली. तिचं जन्मनाव हेमा. हेमा म्हणजे सोनं. ते नाव मागे पडलं आणि लतिकेवरून तिला लता म्हणू लागले. लताचं बालपण सांगलीत गेलं, वडिलांच्या तंबोऱ्याजवळ. त्या काळी तंबोरा म्हटलं की मिरज आलीच. भीमेच्या काठच्या पंढरपूर-मंगळवेढ्याकडचे मोठे भोपळे वाळवून मिरजेचे कारागीर तंबोरे घडवत आणि आजही घडवतात.

मिरजेत जन्मलेल्या चंपाकळीची हिरा झाली, सांगलीत वाढलेल्या सोन्याची वेल झाली. दोन्ही गावांत जेमतेम दहा किलोमीटरचं अंतर आणि दोन्ही घटनांत फार तर दहा-पंधरा वर्षांचं. या मधल्या वर्षांत संगीत नाटकांनी आणि कादंबऱ्यांनी फुलवेलींच्या नावांना नवी प्रतिष्ठा दिली. आईच्या ओठावरचं नाव आता नाटकाच्या हस्तपत्रकावर छापलं जात होतं. नायिकेचं नाव म्हणजे शिकलेल्या, बोलक्या, स्वतःचं मन असलेल्या मुलीचं नाव. बोलपटांनी हीच वाट पुढे नेली. ‘श्यामची आई’ या १९५३ सालच्या चित्रपटातली आई साकारणाऱ्या वनमाला मूळच्या सुशीला पवार. पडद्यासाठी त्यांनी रानफुलांच्या माळेचं नाव घेतलं. ताराबाईंना मुलींसाठी जे नाव पुरेसं भारदस्त वाटलं नसावं, तेच आता जाहिरातीच्या फलकावर मोठ्या अक्षरात येत होतं. लता लग्न करून दुसऱ्या घरी गेली नाही आणि तिचं नाव कुणी तांदळात पुसलं नाही, हेही इथे नोंदवायला हवं.

मुलीच्या नावात घराचं मन कसं उघडं पडतं, ते याच पट्ट्यात २०११ साली फार दुःखद रीतीने दिसलं. सातारा जिल्ह्यात नकुशी, नकुसा या नावाच्या मुली शोधल्या गेल्या तेव्हा त्या २८५ निघाल्या. मुलगा हवा असताना पुन्हा मुलगी झाली, म्हणून ‘नको असलेली’ हेच तिचं नाव. जिल्हा प्रशासनाने त्या वर्षीच्या ऑक्टोबरात समारंभ करून त्यांना नवी नावं दिली आणि तशी प्रमाणपत्रं त्यांच्या हातात ठेवली. दगडू, धोंडू, केरोबा ही नावं मुलग्यांना दृष्ट लागू नये म्हणून ठेवत, म्हणजे त्यामागे जपण्याची इच्छा होती. नकुशीत तीही नव्हती. या नावाशेजारी ठेवलं की चंपाकळी या नावाचं मोल समजतं. ज्या काळात मुलगी झाली की घर गप्प होत असे, त्या काळात कुणीतरी पाळण्यात वाकून तिला चाफ्याची कळी म्हटलं होतं.

आज मिरजेच्या शाळांत जुई, सायली, केतकी, अबोली, पल्लवी, मंजिरी, शेफाली या नावांनी हजेरी घेतली तर कुणाला नवल वाटत नाही. तुळसाबाई आणि शेवंताबाई यांची पिढी ओसरत चालली आहे. बदल नुसता आवडीचा नाही. पुष्कळ मुली आता लग्नानंतर पाळण्यातलं नाव तेच ठेवतात. दहावीचं प्रमाणपत्र, आधार कार्ड, बँकेचं पासबुक, घराचा करारनामा, मुलाच्या जन्मदाखल्यातला आईच्या नावाचा रकाना, सगळीकडे तेच नाव चालत राहतं. जिच्या पणजीची शेवंता फक्त माहेरच्या अंगणात शिल्लक होती, त्या मुलीची सायली सातबाऱ्यावरही चढते. पणजीचं नाव मात्र कोणत्याही दफ्तरात मिळत नाही. ते मिळवायचं तर अजून हयात असलेल्या एखाद्या आजीला, आत्याला, माहेरच्या शेजारणीला विचारून कागदावर उतरवून घ्यावं लागेल, आणि वंशावळ लिहायला बसलेल्या प्रत्येक घराने सासरच्या नावाच्या शेजारी ते लिहिलं पाहिजे.